खाणीतील मुलगा आणि सव्वा रुपयाचा फंड

(एका खेड्यातील वाचनालयाच्या सभेत तेथील प्राथमिक शिक्षकांनी केलेले भाषण. गावात आजारपणाचा फंड काढावा, असा ठराव सभेपुढे होता.)



आज आपल्यापुढे एक ठराव आहे. दर घरटी थोडी थोडी वर्गणी काढून गावात आजारपणाचा फंड उभा करावा, असा तो ठराव. त्यावर चार शब्द बोल, असे मला सांगण्यात आले, तेव्हा मी मनाशी म्हटले की, उपदेश करू नये. उपदेश करणारे या देशात उदंड झाले. त्यापेक्षा एका मजुराची खरी हकीकत सांगावी आणि निकाल मंडळींवर सोपवावा.

हा मजूर आपल्या मुलखातला नव्हे. तो विलायतेतला, पण इंग्रजही नव्हे. इंग्लंडच्या पश्चिमेस वेल्स म्हणून एक डोंगराळ मुलूख आहे. तेथल्या लोकांची मूळ भाषा निराळी, चालीरीती निराळ्या. त्यांच्या डोंगरांच्या पोटात कोळसा आहे. कोळसा खणणारा उपाशी आणि कोळशाचा मालक गबर, ही रीत तेथेही होती. पेरणारा एक आणि पोते नेणारा दुसरा, हे आपल्याला काही नवे नाही.

त्या दक्षिण वेल्समध्ये ट्रेडीगर नावाचे गाव आहे. तेथे १५ नोव्हेंबर १८९७ रोजी एका खाणमजुराच्या घरी मुलगा जन्मला. त्याचे नाव अनायरिन बेव्हन. घरचे लोक त्याला नाय म्हणत. आईबापांना एकंदर दहा मुले झाली. आई शिवणकाम करी. बाप कोळशाच्या खाणीत उतरे.

हा नाय शाळेत हुशार म्हणून गाजला असेल, असे तुम्हांस वाटेल. तसे काही नाही. तो बोलताना अडखळे. हेडमास्तरांचे व त्याचे मुळीच पटत नसे आणि त्यांनी त्याला एक वर्ष त्याच वर्गात मागे ठेवले होते. एक गोष्ट सांगतात. एका गरीब मुलास हेडमास्तरांनी विचारले, काल शाळेत का आला नाहीस? तो म्हणाला, काल बूट घालण्याची पाळी माझ्या भावाची होती. घरात बुटांचा जोड एकच, त्यामुळे एक भाऊ शाळेत येई आणि दुसरा घरी बसे. हे ऐकून हेडमास्तर हसले. तोच नायने शाईची दौत उचलली आणि त्यांच्यावर फेकली.

मंडळी, मी स्वतः मास्तर आहे. दौत फेकावी, असे मी कोणत्याही मुलास सांगणार नाही. पण ही गोष्ट वाचली त्या दिवशी मी बराच वेळ स्वस्थ बसून राहिलो. फाटक्या सदऱ्याच्या मुलास, 'काल का आला नाहीस?' असे मीही अनेकदा दरडावून विचारले आहे. त्याच्या घरी काय आहे आणि काय नाही, हे आधी विचारले नाही. ज्या मुलाला आपण मठ्ठ म्हणून मागच्या रांगेत बसवतो, त्याच्या पोटात काय पेटलेले असते, हे मास्तरास कळतेच असे नाही.

तेरा वर्षांचा झाल्यावर नायने शाळा सोडली आणि तो खाणीत उतरला. त्या खाणीचे नाव टी-ट्रिस्ट. वेल्श भाषेत त्याचा अर्थ दुःखाचे घर. नाव खोटे नव्हते. त्या मुलखात, सेंगेनिड येथील खाणीत, १९१३ साली स्फोट झाला आणि ४३९ खाणमजूर एका दिवसात ठार झाले. खटला झाला, तेव्हा खाणीच्या मॅनेजरास दंड झाला तो २४ पौंड. एका माणसाच्या जिवाची किंमत किती पडली, याचा हिशेब शाळेतल्या मुलानेही करावा. सव्वा शिलिंगदेखील भरत नाही!

अशा खाणीत हा पोर दिवसभर राबे आणि वर आला की वाचनालयात जाई. हे वाचनालय कोणा राजाने बांधून दिलेले नव्हते. खाणमजुरांनी आपल्या पगारातून पैपैसा कापून देऊन ते चालवले होते. शाळेने ज्याला मागे ठेवले, त्याला या वाचनालयाने पुढे नेले. इतिहास, अर्थशास्त्र, तत्त्वज्ञान, कादंबऱ्या, जे हाती येईल ते तो वाची. अमुक अक्षर उच्चारताना जीभ अडते असे दिसले, की त्या शब्दाच्या जागी त्याच अर्थाचा दुसरा शब्द तो कोशातून शोधून ठेवी. डोंगरावर एकटा फिरताना मोठ्याने कविता म्हणे. सभेत बोलण्याची भीती वाटे म्हणून मुद्दाम सभेत बोले. अडखळणारा हा मुलगा पुढे विलायतेच्या पार्लमेंटातील पहिल्या प्रतीचा वक्ता झाला, तो या कष्टाने. देवाच्या वराने नव्हे.

एकोणिसाव्या वर्षी तो आपल्या खाणीतील युनियनच्या शाखेचा अध्यक्ष झाला. १९१९ साली दक्षिण वेल्सच्या खाणकामगार फेडरेशनने आपल्या पैशाने त्याला लंडनच्या लेबर कॉलेजात दोन वर्षे शिकावयास पाठवले. शिकून परत आला, तो काम मिळेना. भांडणारा माणूस मालकांस नकोच होता. कंपनीने त्याला दारातही उभे केले नाही. जवळपास तीन वर्षे तो बेकार होता. सरकारी बेकारभत्ताही बंद करण्यात आला. कारण काय, तर घरात बहीण मिळवती आहे, तिने भावास पोसावे! बहिणीच्या कमाईवर जेवताना त्या तरुणास काय वाटले असेल, हे ज्याच्या घरी बेकार मुलगा आहे त्यास सांगावयास नको.

त्यातच १९२५ साली बाप गेला. कोळशाची धूळ वर्षानुवर्षे छातीत साठली आणि श्वास कोंडून तो मुलाच्या हातांत मेला. त्या काळच्या कायद्यात या रोगास धंद्यामुळे होणारा रोग मानीत नसत, म्हणून नुकसानभरपाई एक पैसाही मिळाली नाही. खाणीने माणूस खाल्ला आणि कागदावर खाण निर्दोष ठरली.

आता माझ्या मुख्य मुद्द्यावर येतो.

ट्रेडीगरच्या कामगारांनी १८९० साली एक मंडळ काढले होते. त्याचे नाव वैद्यकीय साहाय्य मंडळ. त्याची रीत अगदी साधी होती. प्रत्येक कामगाराने आपल्या मजुरीतून पौंडामागे तीन पेन्स द्यावयाचे. त्या वेळी एका पौंडाचे २४० पेन्स होत. म्हणजे ऐंशी भागांतला एक भाग. आपल्या हिशेबाने शंभर रुपयांमागे सव्वा रुपया.

सव्वा रुपया! बंधूंनो, हा आकडा तुमच्या चांगल्या ओळखीचा आहे. पूजा झाली, शांत झाली, मुहूर्त काढला की हाच सव्वा रुपया आपण भटजींच्या ताटात टाकीत आलो. ग्रह शांत व्हावेत म्हणून टाकला, पोराचा ताप उतरावा म्हणून टाकला. बापजाद्यांपासून किती सव्वा रुपये गेले, याचा हिशेब कोणी ठेवला आहे काय? आणि त्या पैशाने गावात एक औषधाची बाटली तरी उभी राहिली काय?

ट्रेडीगरच्या सव्वा रुपयाने काय उभे केले ते ऐका. पाच डॉक्टर, एक सर्जन, औषधे तयार करून देणारे दोघे, एक दातांचा डॉक्टर, हातपाय चोळून व व्यायाम देऊन बरे करणारा एक आणि घरोघर जाणारी एक नर्स. वर्गणी देणाऱ्याच्या बायकापोरांनाही औषधपाणी मिळे. हळूहळू कामगारच नव्हेत तर गावातील इतर लोकही त्यात शिरले. चोवीस हजारांच्या वस्तीपैकी सुमारे २२,८०० लोक या मंडळाच्या छत्राखाली आले होते. आणि मोठी गोष्ट ही की, मंडळाचा कारभार वर्गणीदारांनी निवडलेली कमिटी पाही. डॉक्टर शिकलेला, मान त्याचाच. पण नेमणूक कमिटीची. खाणमजुराला डॉक्टरपुढे हात जोडून उभे राहण्याची गरज नव्हती. हे औषध त्याने भीक म्हणून घेतलेले नव्हते. त्याच्या वर्गणीचा तो हक्क होता.

या मंडळाच्या व गावच्या इस्पितळाच्या कामात आपला नाय तरुणपणी शिरला. १९२२ साली तो गावच्या कौन्सिलात निवडून आला. १९२६ साली खाणमालकांनी मजुरी कमी करून कामाचे तास वाढवण्याचा घाट घातला आणि कामगार कबूल होईनात म्हणून खाणींना टाळे लावले. ती झुंज सुमारे सात महिने चालली. तेव्हा ट्रेडीगरच्या घरांत मदतीचे पैसे वाटण्याची व्यवस्था त्याने पाहिली. शेवटी उपासमारीने कामगारांना माघार घ्यावी लागली. संप हरला, पण संघटना कशी चालवावी हे तो शिकला.

१९२८ साली तो जिल्हा कौन्सिलात गेला आणि १९२९ साली, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, एबू व्हेल मतदारसंघातून पार्लमेंटात. मरेपर्यंत एकतीस वर्षे त्या लोकांनी दुसऱ्या कोणास निवडून दिले नाही. आता या पोराला आपण अहोजाहो केले पाहिजे. बेव्हनसाहेब एक गमतीची गोष्ट सांगत. लहानपणी त्यांना लोक म्हणत, सत्ता गावच्या कौन्सिलात आहे. ते कौन्सिलात गेले तो कळले, सत्ता येथे होती खरी, पण आता जिल्ह्यास गेली. जिल्ह्यास गेले तो सत्ता तेथूनही निघून गेलेली. मग तिच्यामागे पार्लमेंटात गेले, तो तेथेही तिच्या कोटाचे टोक कोपऱ्यावरून वळताना तेवढे दिसले! गंमत सोडा, पण यात मोठे शहाणपण आहे. खुर्ची मिळाली म्हणजे सत्ता मिळाली असे नव्हे. आपल्यातही कोणी निवडून आला की आपण हार घालतो, गुलाल उधळतो आणि घरी जाऊन निजतो.

१९३४ साली बेव्हननी जेनी ली या बाईंशी लग्न केले. त्या स्कॉटलंडच्या एका खाणमजुराची मुलगी. बेव्हनप्रमाणेच १९२९ साली पार्लमेंटात आलेल्या. पुढे मंत्री झाल्यावर, ज्यांची शाळा कामामुळे सुटली अशांसाठी १९६९ साली ओपन युनिव्हर्सिटी स्थापन झाली, ती मुख्यतः या बाईंच्या खटपटीने. मायबहिणींनी हे लक्षात ठेवावे.

दुसरे महायुद्ध संपताना १९४५ साली मजूर पक्ष निवडून आला आणि ॲटलीसाहेबांनी बेव्हनना आरोग्यमंत्री केले. त्या मंत्रिमंडळात ते वयाने सर्वांत लहान होते. याच मंत्रिमंडळाने १९४७ साली हिंदुस्थानच्या स्वातंत्र्याचा कायदा पार्लमेंटात आणला.

त्या वेळी विलायतेत औषधपाण्याची काय स्थिती होती? १९११ च्या विम्याच्या कायद्याने कमावत्या मजुरास डॉक्टर मिळे. पण त्याच्या बायकोस मिळत नसे, मुलांस मिळत नसे आणि इस्पितळाचा खर्चही त्यात धरलेला नव्हता. घरात कोणाचे दुखणे शेवटपर्यंत अंगावर निघे? बाईचे. पैसे नवऱ्याच्या व पोरांच्या औषधास लागतील म्हणून ती आपले दुखणे पदराखाली झाकी. कित्येक इस्पितळे श्रीमंतांच्या दानधर्मावर चालत. रोग्यांची शुश्रूषा सोडून नर्सबायांनी इस्पितळासाठी रस्त्यावर पैसे गोळा करीत हिंडावे, याची आपल्याला शिसारी येते, असे बेव्हननी पार्लमेंटात सांगितले. दान देणाऱ्याचे नाव भिंतीवर कोरले जाते आणि घेणाऱ्याची मान खाली जाते. ही मान वर करावयाची, एवढा एक ध्यास त्यांनी घेतला.

१९४६ साली त्यांनी राष्ट्रीय आरोग्य सेवेचा कायदा पास करून घेतला. सर्व इस्पितळे एका व्यवस्थेखाली घ्यावयाची, खर्च मुख्यतः सरकारी करांतून करावयाचा आणि रोग्याकडून दारात पैसा मागावयाचा नाही. ज्याची जशी ऐपत तसा त्याने कर द्यावा. ज्याची जशी गरज तसा त्याने उपचार घ्यावा. बेव्हन म्हणत, यात मी नवे काही करीत नाही. ट्रेडीगरात जे एक पिढीभर चालले आहे ते साऱ्या देशास देतो आहे. देशाचे ट्रेडीगर करतो आहे!

विरोध झाला, आणि तो मोठा झाला. डॉक्टरांच्या संघाने १९४८ च्या फेब्रुवारीत मते घेतली, तेव्हा दहांपैकी नऊ डॉक्टर विरुद्ध गेले. आम्ही सरकारचे पगारी नोकर होणार नाही, असे त्यांचे म्हणणे. बेव्हन डगमगले नाहीत, पण हट्टालाही पेटले नाहीत. सामान्य डॉक्टरांना निव्वळ पगारी नोकर करणार नाही, असे कायद्याने कबूल केले. मोठ्या सर्जनांना आपले खाजगी रोगी ठेवण्याची मुभा दिली. हा सौदा त्यांच्या स्वतःच्या पक्षातील कित्येकांना रुचला नाही. पण मुख्य गोष्ट त्यांनी सोडली नाही. गरिबास दारात पैसा मागावयाचा नाही, ही ती गोष्ट.

५ जुलै १९४८ रोजी सेवा सुरू झाली. इंग्लंड व वेल्समधील २,६८८ इस्पितळे तिच्याखाली आली. त्या दिवशी बेव्हन मँचेस्टरजवळच्या एका इस्पितळात स्वतः हजर होते. मग काय झाले? ज्यांनी वर्षानुवर्षे दुखणी झाकली होती, त्या बायका दवाखान्यांत येऊ लागल्या. पहिल्या वर्षातच पन्नास लाखांहून अधिक चष्मे दिले गेले. लोक चष्म्याचे लोभी झाले, अशी टीका झाली. अहो, लोभी कसले? इतके दिवस ते आंधळेपणाने चाचपडत होते, एवढाच त्याचा अर्थ!

१९५१ साली कोरियाच्या लढाईपायी शस्त्रांचा खर्च वाढला, तेव्हा त्यांच्याच सरकारने दातांच्या कवळ्या व चष्मे यांवर पैसे घ्यावयाचे ठरवले. बेव्हननी मंत्रिपद सोडले. पुष्कळांनी म्हटले, एवढ्यातेवढ्यासाठी कोणी खुर्ची सोडतो काय? पण दाराला एकदा पेटी लावली की ती पुढे मोठी होत जाते, हे त्यांना दिसत होते.

सत्यशोधकी सभेत एकच बाजू सांगणे बरे नव्हे, म्हणून त्यांचे दोषही सांगतो. जीभ फार तिखट. सेवा सुरू होण्याच्या आदल्याच दिवशी भर सभेत त्यांनी विरोधी पक्षाला किड्यांपेक्षा नीच म्हटले आणि हातचे कित्येक मित्र गमावले. १९५७ साली, आपल्या देशाने अणुबाँब एकतर्फी टाकून द्यावा, या ठरावाला त्यांनी विरोध केला, तेव्हा त्यांचेच अनुयायी दुखावले. पक्षात भांडणे पुष्कळ केली. १९३९ साली तर पक्षाने त्यांना काही महिने बाहेरच घातले होते. ६ जुलै १९६० रोजी, वयाच्या बासष्टाव्या वर्षी, पोटाच्या कर्करोगाने ते वारले.

त्यांनी लावलेले झाड अजून उभे आहे. त्याला आज कीडही लागली आहे. शस्त्रक्रियेसाठी तेथे लोकांना फार दिवस वाट पाहावी लागते, अशी ओरड आहे. इंग्लंडात औषधाच्या चिठ्ठीस पैसे पडतात. पण बेव्हनच्या वेल्समध्ये २००७ सालापासून तेही घेत नाहीत.

आता ठरावाकडे वळतो. दोन आक्षेप माझ्या कानावर आले आहेत. पहिला असा की, औषधपाणी हे सरकारचे काम, आपण फंड का काढावा? त्यास ट्रेडीगरचे उत्तर आहे. तेथील मजुरांनी आधी फंड काढला; अठ्ठावन्न वर्षांनी देशाने तो उचलला. फंड काढणे म्हणजे सरकारास मोकळे सोडणे नव्हे. स्वतः हिशेब ठेवून दवाखाना चालवलेल्या माणसास, 'हे होत नाही' असे सांगून कोणी फसवू शकत नाही. तो म्हणतो, होते कसे नाही? आम्ही करून दाखवले आहे!

दुसरा आक्षेप असा की, जो आजारी पडणार नाही त्याचे पैसे फुकट जातील. बंधूंनो, ज्याचे पैसे असे फुकट गेले तो सर्वांत भाग्यवान! त्याने शेजाऱ्याचे पोर वाचवले आणि त्या पोराच्या आईला कोणाचे पाय धरू दिले नाहीत.

मात्र तीन गोष्टी सांभाळा. हिशेब दरमहा चावडीवर वाचला जावा. कमिटी वर्गणीदारांनी निवडावी आणि तीत बायका असाव्यात. आणि फंडातून मदत घेणाऱ्यास कोणी उपकार केला, असे बोलू नये. जो बोलेल त्याला कमिटीतून काढावे.

सव्वा रुपया तुमचाच आहे. तो आजवर कोणाच्या ताटात पडला हे तुम्ही जाणता. येथून पुढे तो कोठे पडावा, हे ठरवण्यासाठी हात वर करावयाचे आहेत. एवढे बोलून मी खाली बसतो.

सत्यमेव जयते.